लोण्याच्या वासाचं रानमांजर

शिऊलान : पिशवी बाहेर ठेवा, आजी. किती वेळा सांगू? तुमच्या पिशवीत सुकं मांस आहे आणि ह्या खोलीत चारशे कातडी आहेत. मांसात एक किडा जरी असला ना, तर महिन्याभरात आमची निम्मी मांजरं टकली होतील.

पेल्मो : माझ्या मांसात किडा? अगं पोरी, तुझ्यासाठीच आणलंय ते. रात्रभर बसमध्ये मांडीवर धरून बसले होते. तुझं आडनाव 'मा' आहे असं माझ्या नातीनं वाचून दाखवलं, म्हणजे तू मुसलमान, म्हणून मुद्दाम तुमच्याच लोकांतल्या कसायाकडून घेतलं. तो बुटका आहे ना, मशिदीमागे बसतो, त्याच्याकडून.

शिऊलान : तुमच्या गावच्या मशिदीमागचा कसाई माझ्या ओळखीचा कसा असेल? पण आभारी आहे. खरंच. आता ती बाहेर ठेवा.

लोदेन : इकडे द्या ती पिशवी. मी संग्रहाचा प्रमुख आहे. संशयास्पद वस्तूची तपासणी करणं माझं काम आहे.

शिऊलान : लोदेन सर, तुम्ही ते खाणार आहात.

लोदेन : दुसरी कुठली तपासणी असते का मांसाची? ... हं. उत्तम आहे. किडा नाही. बाहेर खिडकीत ठेवलं बघ. आता सांगा आजी, एवढ्या लांबून शिनिंगच्या ह्या संग्रहालयात कशा काय आलात? शिऊलान म्हणत होती, तुम्हाला आमचं खिंडमांजर बघायचंय.

पेल्मो : बघायचं नाही. न्यायचंय.

शिऊलान : न्यायचंय म्हणजे?

पेल्मो : उचलायचं, पिशवीत घालायचं आणि घरी जायचं. ह्याला तुमच्यात वेगळं काही म्हणतात का?

शिऊलान : आजी, तुमचा काहीतरी गैरसमज झालाय. तो रानमांजराच्या एका उपप्रजातीचा मूळ नमुना आहे. म्हणजे असं बघा, डोंगरी रानमांजर ही एक प्रजाती. तिच्यात तुमच्या खिंडीतली ही एक वेगळी शाखा. जगात ह्या शाखेचं हे एकच कातडं आहे, आणि ते...

पेल्मो : ती माझ्या बापाची टोपी आहे.

लोदेन : काय म्हणालात? थांबा. मला आधी बसू द्या. हं, आता म्हणा.

पेल्मो : टोपी. डोक्यावर घालतात ती. बापाची. माझ्या. एवढा मोठा संग्रहप्रमुख तू, आणि टोपी कळत नाही?

शिऊलान : शक्यच नाही. शेन गुरुजींनी तो नमुना स्वतः खिंडीतून आणलाय. ते माझ्या गुरूंचे गुरू. त्यांनी त्याचं वर्णन छापलंय. मी सहा वर्षं त्यावर काम करतेय. पठारावरच्या सगळ्या रानमांजरांचा कोश तयार केलाय मी, जातवार, शाखावार, दात, कवट्या, शेपट्या, सगळं जागच्या जागी लावून. पुढच्या महिन्यात छापायला जायचाय. खिंडमांजर त्याच्या मुखपृष्ठावर आहे.

पेल्मो : तेच चित्र. शाळेच्या भिंतीवर लावलंय तुम्ही. 'आपल्या खिंडीची शान' असं खाली लिहिलंय म्हणे. नातीनं फोनवर दाखवलं आणि मी हातातलं दुधाचं भांडं सांडलं. उजव्या बाजूला जळका डाग आहे की नाही, चिमटीएवढा?

शिऊलान : जळका नाही. उजव्या कानामागे गडद ठिपका. ते ह्या शाखेचं पहिलं लक्षण आहे.

पेल्मो : माझा बाप चुलीशी बसल्या बसल्या पेंगायचा. ठिणगी उडाली. आई ओरडली तेव्हा जागा झाला आणि म्हणाला, कुणाचं काय जळतंय?

लोदेन : शिऊलान, डाव्या कानामागे ठिपका का नाही, ह्यावर तू काय लिहिलंस?

शिऊलान : निसर्गात विषम खुणा आढळतात, असं लिहिलंय.

लोदेन : आढळतात, आढळतात. चुलीपाशी फार आढळतात.

शिऊलान : सर, एका डागावरून काही ठरत नाही. बरं आजी, तुम्ही टोपी म्हणताय, तर सांगा, तिचे कान कसे होते?

पेल्मो : कानावर येणाऱ्या पट्ट्या का? दुहेरी. आतून पण केस, बाहेरून पण केस. वाऱ्यात खाली सोडायच्या, घरात आले की वर बांधायच्या.

लोदेन : अरे देवा.

शिऊलान : हसू नका.

लोदेन : मी हसत नाहीये. मला फक्त तो परिच्छेद आठवतोय. 'बाह्यकर्ण जाड असून दोन्ही बाजूंनी दाट केसाळ. अतिथंड वाऱ्याशी जुळवून घेतल्याचे हे उत्तम उदाहरण.' तोंडपाठ आहे मला. परीक्षेत मुलांना विचारतो मी.

पेल्मो : वाक्य खोटं नाही काही. वाऱ्यासाठीच होत्या त्या.

शिऊलान : कडेनं बारीक छिद्रं आहेत. ओळीनं. ती गोचिडांची आहेत. मी त्या गोचिडावर...

पेल्मो : किती नीट ओळीनं चावतात गं तुमचे गोचीड.

लोदेन : शिऊलान, पाणी देऊ का?

शिऊलान : मला नको पाणी. एक गोष्ट उरतेच, सर, आणि ती टोपीनं सुटत नाही. वास. शेन गुरुजींनी लिहिलंय, कातड्याला लोण्यासारखा वास येतो, मानेपाशी सगळ्यात जास्त. सत्तर वर्षं झाली, अजून येतो. मानेत गंधग्रंथी असल्याशिवाय हे होणार नाही.

पेल्मो : माझा बाप केसांना लोणी लावायचा.

लोदेन : मी बाहेर जाऊन येतो.

शिऊलान : कुठेही जाऊ नका. इथेच बसा आणि काय हसायचं ते हसून घ्या.

लोदेन : डोंगर पोखरून उंदीर निघाला असं ऐकलं होतं. टोपी निघाल्याचं पहिल्यांदाच बघतोय. हे बघा आजी, तिला दोष देऊ नका. आमच्याकडे खणात ठेवून चिठ्ठी बांधली, की ती वस्तू जनावरच होते. मग तिला कान फुटतात, ग्रंथी फुटतात. तिनं काय, मी काय, सगळ्यांनी चिठ्ठी आधी वाचली आणि कातडं नंतर बघितलं. पण मला सांगा, टोपी शेन गुरुजींकडे गेली कशी? त्यांनी घेतली?

पेल्मो : नाही हो, भला माणूस होता. मी लहान होते तेव्हा, पण आठवतो. बर्फात डोळे दिपून गेलेले, अंगात ताप, खेचराच्या पाठीवर पोत्यासारखा पडलेला. बापानं आमच्या तंबूत ठेवून घेतला. निघताना खिंडीत वारा असा सुटला की बापानं आपली टोपी काढून त्याच्या डोक्यावर घातली, आणि म्हणाला, पलीकडे पोचलास की कुणाबरोबर तरी पाठवून दे. तो म्हणाला, पाठवतो. माझा बाप पुढं जन्मभर म्हणायचा, पाठवील. येणाऱ्याजाणाऱ्याला विचारायचा, टोपी दिलीय का कुणी. आम्ही सगळे चेष्टा करायचो त्याची.

शिऊलान : त्यांची आठवण ताप उतरल्यावर गेली होती बरीचशी. आमचे सर सांगायचे. बरोबरच्या माणसांनी सामान सोडलं, भिजलेल्या वस्तू उसवून वाळत टाकल्या, जे केसाळ होतं त्याला चिठ्ठ्या बांधल्या. वर्णन त्यांनी तीन वर्षांनी लिहिलं. खणातून काढून.

पेल्मो : म्हणजे पाठवायचं विसरला. लबाड नव्हता.

शिऊलान : नाही. लबाड अजिबात नव्हते.

पेल्मो : बरं झालं. मेलेल्या माणसावर राग धरायचा म्हणजे फार कष्ट. काढ आता खण.

(शिऊलान कपाटाचा सपाट खण ओढून टेबलावर ठेवते. पेल्मो त्यावर वाकते.)

पेल्मो : केवढी लहान झालीय.

लोदेन : वाळतात कातडी.

पेल्मो : नाही रे. माझ्या बापाचं डोकं मला फार मोठं वाटायचं. हात लावू?

शिऊलान : हातमोजे घाला आधी. नाहीतर... असू दे. लावा.

पेल्मो : ऐका आता मी काय म्हणते ते. माझा नातू, चोफेल, ह्या पौर्णिमेनंतर त्याचं लग्न आहे. आमच्या घरात नवरदेव मुलीला आणायला निघायच्या आधी त्याच्या डोक्यावर घरातल्या जुन्या माणसाची टोपी ठेवतात. घोटभर चहा होईपर्यंतच. माझ्या आजोबांची बापाच्या डोक्यावर ठेवली. बापाची माझ्या भावाच्या डोक्यावर ठेवायची होती, तर ती तुमच्या इथं गोचिडांबरोबर. मग भावाला शेजाऱ्याची टोपी घातली. झालं, जन्मभर त्याचं घरात कुणी ऐकलं नाही. बायको म्हणायची, मी तर शेजाऱ्याच्या टोपीशी लग्न केलंय.

लोदेन : आणि तुमचा मुलगा?

पेल्मो : त्याला माझ्या नवऱ्याची घातली. तो आणि त्याची बायको अजून भांडतात. चोफेल शांत पोरगा आहे. त्याला मला माझ्या बापाची घालायचीय. एवढंच काम घेऊन आलेय. दुसरं काही मागत नाही.

शिऊलान : आजी, मला द्यावीशी वाटतेय. खरं सांगते. पण ह्या कातड्याला एक नाव बांधलेलं आहे. जगात कुणालाही उद्या शंका आली, की खिंडमांजर म्हणजे नक्की कुठलं, तर त्यानं इथं येऊन हेच बघायचं. मूळ नमुना एकदा ठरला की तो द्यायचा नाही, विकायचा नाही, कापायचा नाही. चुकीचा ठरला तरी टाकायचा नाही. आमच्या धंद्यातला हा पहिला नियम.

पेल्मो : उसनी दिलेली वस्तू परत करायची, हा आमच्या धंद्यातला पहिला नियम.

लोदेन : चांगला आहे तुमचा धंदा. पण आजी, दुसरी एक अडचण आहे, आणि ती तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. रानटी कातडं घालून तुमचा नातू चारचौघांत बसणार? कातडी घालू नका असं मोठ्या लामांनी सांगितलं तेव्हा आपल्या लोकांनी ढीग घालून जाळली ती सगळी. माझ्या आईनं स्वतःच्या हातानं पाणमांजराची किनार उसवून आगीत टाकली.

पेल्मो : मीही टाकली. लग्नातली माझी. बिबट्याची पट्टी होती, हातभर रुंद. धूर असा आला की तीन दिवस नाकातून जाईना. मला शिकवू नको.

लोदेन : मग?

पेल्मो : मग काय. तंबूचं दार लावायचं, आत आम्ही चौघं, डोक्याला टेकवायची आणि काढायची. लामांना सांगायला कोण जातंय?

लोदेन : आणि वाटेत चौकीवर पिशवी उघडली तर? रक्षित प्राणी आहे हा. टोपी जुनी आहे, बापाची आहे, असं म्हणालात तर ते म्हणतील, सगळेच असं म्हणतात. नवरदेव लग्नाला तुमच्याशिवाय जाईल.

पेल्मो : जा म्हणावं. पोचेन मी नंतर.

शिऊलान : आजी, थांबा. तुम्ही ते उलटं का करताय? त्याची मागची बाजू नाजूक आहे.

पेल्मो : नाजूक असणारच. मागची बाजू जुनीच नाही. म्हणजे आहे, पण वेगळी आहे. हे बघ, इथपर्यंत रानमांजर. आणि इथून खाली त्साम्पा.

शिऊलान : इथून खाली काय?

पेल्मो : त्साम्पा. आमच्या घरातली मांजर. सातूच्या पिठाच्या रंगाची होती म्हणून त्साम्पा. एकदा कुत्र्यांनी टोपी ओढली आणि मागचा भाग फाडून खाल्ला. बापाची मान उघडी पडली. त्याच थंडीत त्साम्पा म्हातारी होऊन मेली. मी तर तिला घट्ट धरून बसले होते, पुरू देईना. आईनं मला झोपू दिलं आणि तिची पाठ जपून काढून टोपीला जोडली. म्हणाली, आता रोज बाबांबरोबर बाहेर जाईल ती. ही शिवण बघ. आहे का दिसत? आईची शिवण माझ्या आत्यालासुद्धा दिसायची नाही.

शिऊलान : हा कातडं सोलतानाचा काप आहे. मी स्वतः तसं... सर, भिंग द्या. सर.

लोदेन : हे घे.

शिऊलान : टाके आहेत.

लोदेन : किती आहेत?

शिऊलान : खूप. तातीच्या दोऱ्याचे. केसांच्या खालून घेतलेत. देवा, काय हात असेल.

लोदेन : शिऊलान, मला एक आठवतंय, आणि ते आठवू नये असं मला फार वाटतंय. तू तपासणीसाठी ह्याचे दोन तुकडे पाठवले होतेस ना?

शिऊलान : नका.

लोदेन : एक पुढून, एक मागून. पुढच्याचं उत्तर आलं, रानमांजर. मागच्याचं आलं, पाळीव. आणि मग तू...

शिऊलान : मग मी लेख लिहिला. 'खिंडीतील रानमांजरात पाळीव मांजराचा प्राचीन संकर.' लोकांनी उद्धृत केलाय तो, सर. परदेशातल्या माणसांनी. एकानं मला पत्र पाठवलं होतं की हा संकर कसा घडला असेल ते जाणून घ्यायला आवडेल.

पेल्मो : सुईनं, म्हणावं.

लोदेन : सुईनं!

शिऊलान : हसा. हसा, मीही हसतेय, मला थांबता येत नाहीये. पट्टे नसलेली मान, हे दुसरं लक्षण, ती त्साम्पा. दुहेरी कान, ते तिसरं. ठिपका म्हणजे ठिणगी. वास म्हणजे बाबांचं डोकं. सर, मी सहा वर्षं रोज सकाळी हा खण उघडून वास घेतलाय. मला वाटायचं ग्रंथी आहे. मला तो वास आवडायचा हो. घरी जाऊन मी आईला सांगायचे, आमच्या मांजराला किती छान वास येतो. आणि मी एका अनोळखी माणसाची मान हुंगत होते.

पेल्मो : आवडायचा?

शिऊलान : फार.

पेल्मो : माझ्या आईलाही आवडायचा. लग्न त्याच्याशीच का केलं असं विचारलं की तेच सांगायची. दुसरं कौतुक करण्यासारखं त्याच्यात फारसं नव्हतं.

लोदेन : मी एक नियम वाचून दाखवू का? कुणाला घाई नसेल तर. आपल्याच नियमांत आहे, शिऊलान, तुला माझ्यापेक्षा चांगला पाठ आहे. मूळ नमुना म्हणून ठेवलेल्या वस्तूत दुसऱ्या प्राण्याचा तुकडा मिसळलेला आढळला, तर छापून तसं जाहीर करायचं आणि तो परका तुकडा नमुन्यातून वगळायचा.

शिऊलान : ठाऊक आहे.

लोदेन : वगळला की तो मूळ नमुना राहत नाही. रक्षित नाही, रानटी नाही. एका पाळीव मांजराचा तुकडा, संग्रहाच्या काहीही कामाचा नाही. तो मालकाला परत द्यायला माझी एक सही पुरते.

शिऊलान : ठाऊक आहे, सर. पण छापून जाहीर करायचं म्हणजे खिंडमांजर संपलं. शाखा म्हणून सांगण्यासारखं त्यात काही उरत नाही. पुढचा तुकडा नेहमीच्या डोंगरी रानमांजराच्या खणात. कोश पुन्हा लावायचा. मुखपृष्ठ बदलायचं. शाळेच्या भिंतीवरची शान उतरवायची. आणि खाली माझी सही.

लोदेन : मी काहीच म्हणालो नाही. आज ह्या खोलीत तिघं आहेत. मी ऐकलेलं विसरू शकतो, माझं वय झालंय. मांजराच्या गळ्यात घंटा बांधायची की नाही, ते तू ठरव. तुझं मांजर आहे.

पेल्मो : मला कुणी विचारेल का? अर्धी टोपी घेऊन मी काय करू? नातवाच्या अर्ध्या डोक्याचं लग्न लावू?

शिऊलान : आजी, पुढची बाजू नाही देता येणार. कशीही नाही देता येणार.

पेल्मो : मी बापाची टोपी न्यायला आलेय, मांजरीची पाठ नाही. मुलीकडच्यांना काय सांगू? तुमच्या जावयाच्या मानेवर आमची त्साम्पा ठेवलीय?

लोदेन : तुमच्या आई तसंच म्हणाल्या होत्या ना?

पेल्मो : तू गप्प बस. मांस खाऊन वर बोलतोय.

शिऊलान : जरा वास घेऊन बघा.

पेल्मो : कशाचा?

शिऊलान : ह्या मागच्या तुकड्याचा. पुढच्या भागाला वास नाही फारसा. आम्ही औषधं मारली तरी इथला गेला नाही. केस इथपर्यंत येत असतील त्यांचे. घ्या. माझ्या हातातून घ्या.

पेल्मो : (तुकडा नाकाशी धरते.)

लोदेन : आजी?

पेल्मो : मला वाटलं होतं, गेला असेल. बसमध्ये रात्रभर तोच विचार करत होते. म्हटलं, टोपी मिळेल, पण तिला दुकानासारखा वास येत असेल. हा तोच आहे. वर जरा तुमच्या औषधाचा आहे, पण खाली तोच आहे. माझा बाप आहे इथं. आणि माझ्या आईचा हात आहे. त्याच्या पुढच्या बाजूला काय होतं, कपाळ. कपाळावर वारा लागायचा नुसता. मी त्याच्या पाठीवर बसून जायचे ना, माझं तोंड इथंच असायचं.

शिऊलान : मग चालेल?

पेल्मो : चोफेलच्या टोपीला मागून लावीन. आईइतकं बारीक नाही जमणार मला. दिसली शिवण तर दिसू दे. पण पोरी, तुझं काय? तुझं सहा वर्षांचं काम वाया घालवून मी लग्न लावलं, तर नातसुनेच्या डोळ्याला डोळा कसा देऊ? नको असेल तर आत्ताच नाही म्हण. मी चार शिव्या देईन आणि जाईन. मला येतात चांगल्या.

शिऊलान : द्या शिव्या. ऐकायला आवडेल मला. पण तुकडा घेऊन जा. सर, लिहून घ्या, मी बोलते. नाही, मीच लिहिते, तुमचं अक्षर कुणाला कळत नाही. 'सदर नमुना दोन प्राण्यांचा असल्याचे आढळले.'

लोदेन : 'आणि एका टोपीचा.'

शिऊलान : 'आणि तो डोक्यावर घालण्याच्या वस्तूच्या रूपात होता.' लोक हसतील, सर.

लोदेन : खूप हसतील. वर्षभर तुला सगळीकडे बोलावतील. मी तुझ्याबरोबर येणार आहे, जेवण चांगलं असतं. आणि ऐक, तुझा कोश आता खरा होईल. त्यातलं एक जनावर कमी झालं, तर बाकीच्यांवर लोक जास्त विश्वास ठेवतील.

शिऊलान : तुम्हाला आनंद झालाय. तुम्ही पहिल्यापासून म्हणत होता, सगळी एकच मांजरं आहेत, उगाच वेगळे खण कशाला.

लोदेन : झालाय. खोटं कशाला बोलू. पण ते कान जाणार ह्याचं मलाही वाईट वाटतंय. छान होते ते कान.

पेल्मो : झालं का तुमचं भांडण? तुम्हा दोघांना लग्नाला यायचंय. तिच्यासाठी वेगळं पातेलं ठेवीन, त्या बुटक्या कसायालाच बोलावते. तू मात्र जेवणाची तपासणी सगळ्यांच्या आधी करायची नाहीस.

लोदेन : मी वचन देत नाही.

शिऊलान : हे बघा आजी, टाके मी कापते, तुम्ही धरा. हळू. पुढचा भाग इकडे सरकवा. ... सुटला. सर, जरा रुमाल द्या. मला नाही, हा तुकडा गुंडाळायला. बरं, दोघांनाही द्या.

लोदेन : चौकीवर दाखवायला चिठ्ठी लागेल. आपल्या नेहमीच्याच नमुन्यावर लिही, त्यांना ती ओळखीची असते.

शिऊलान : लिहिते. प्रजाती, पाळीव मांजर. शाखा, काही नाही. नर की मादी?

पेल्मो : मादी. चार वेळा व्यालेली.

शिऊलान : ठिकाण, खिंडीखालचा हिवाळी तळ. रंग?

पेल्मो : सातूच्या पिठाचा. भाजलेल्या.

शिऊलान : भाजलेल्या. आणि पकडणाऱ्याचं नाव? ही जागा रिकामी ठेवता येत नाही. तुमच्या वडिलांचं लिहू, की आईचं?

पेल्मो : कुणाचंच नको लिहू. तिला कुणी पकडलं नव्हतं. थंडीत एका संध्याकाळी ती आपली आपण आत आली, आणि माझ्या आईनं तिच्यामागे तंबूचं दार खाली सोडलं.